ठिणगीच्या आधीचे सत्तावीस दिवस



स्मृतिव्याख्यानाला विषय निवडताना लांबची मोठी नावे खुणावतात. पानिपत आहे, चितोड आहे, कॉन्स्टँटिनोपल आहे. मी मात्र आपल्या हुलसूरच्या दोन्ही अंगांना उभ्या असलेल्या दोन किल्ल्यांविषयी बोलायचे ठरवले आहे. पूर्वेला बीदर, नैर्ऋत्येला जवळच कल्याणी, म्हणजे आजचे बसवकल्याण. सन १६५७ मध्ये मार्च ते ऑगस्ट या पाच महिन्यांत एकाच फौजेने, एकाच सरदाराच्या देखरेखीखाली आणि बहुतेक त्याच तोफांनी हे दोन्ही किल्ले घेतले. शाहजादा औरंगजेब तेव्हा दख्खनचा सुभेदार होता आणि मीर जुमला त्याच्या मदतीला होता. बीदर २७ दिवसांत पडले. कल्याणी बीदरपेक्षा कितीतरी लहान, पण तिला सुमारे तीन महिने लागले. हे असे उलटे का झाले, एवढाच आजचा प्रश्न आहे. आपल्याकडे याचे तयार उत्तर चालत आले आहे: बीदरला ठिणगी पडली. दारूच्या साठ्यावर आग पडली, किल्लेदार भाजला आणि किल्ला गेला. नशिबापुढे कोणाचे काय चालते! मला हे उत्तर पटत नाही. ठिणगी पडली हे खरेच आहे. पण तिने किल्ला घेतला असे म्हणणे म्हणजे त्याआधीच्या सत्तावीस दिवसांचा हिशेबच न मांडणे होय.

आधी किल्ला नीट पाहू. बहमनी सुलतान अहमदशहाने पंधराव्या शतकाच्या पूर्वार्धात राजधानी गुलबर्ग्याहून बीदरला आणली आणि तिथला जुना किल्ला नव्याने बांधून काढला. जागेची निवड डोळसपणे केलेली आहे. बीदरचे पठार जांभ्याचे. उत्तरेला आणि पूर्वेला ते एकदम तुटते आणि खाली मांजरेच्या खोऱ्यात उतरते. त्या बाजूंनी तोफा चढवून आणणे जवळजवळ अशक्य. हल्ला यायचा तो सपाटीच्या बाजूने, आणि तिथेच बांधणाऱ्यांनी आपली सगळी अक्कल खर्च केली. तिथे एक नाही, ओळीने तीन खंदक आहेत. ते मातीत खणलेले नाहीत, कातळात कोरलेले आहेत, आणि कोरताना मधला खडक मुद्दाम भिंतीसारखा उभा ठेवलेला आहे. जांभ्याचा गुण असा, की उपसताना तो पहारीला दाद देतो आणि वाऱ्याउन्हात उघडा पडला की कडक होत जातो. त्यामुळे या खंदकाच्या कडा ढासळत नाहीत, आणि पावसाळ्यागणिक गाळाने भरूनही येत नाहीत. एक खंदक भरून काढला तर पुढे भिंत येते, भिंत चढून उतरले की दुसरा खंदक, मग पुन्हा तेच. मोगल इतिहासकारांनी दिलेली मापे अशी: तटाचा घेर ४,५०० गज, उंची १२ गज, खंदक २५ गज रुंद आणि १५ गज खोल. या तटात ३७ बुरूज आणि सात दरवाजे. आज सुट्टीच्या दिवशी बीदरला जाणारी मंडळी रंगीन महालातले शिंपल्याचे जडावकाम पाहून येतात आणि खंदकाच्या पुलावरून मान वळवून पुढे निघतात. लढाई ज्याला समजून घ्यायची आहे त्याने महाल मागून पाहिला तरी चालेल, आधी त्या पुलावर उभे राहावे.

आता प्रसंग. ४ नोव्हेंबर १६५६ रोजी विजापूरचा महंमद आदिलशहा वारला. गादीवर अली बसला, तेव्हा तो अठरा-एकोणीस वर्षांचा होता. तो महंमदाचा खरा मुलगाच नव्हे, असा मुद्दा औरंगजेबाने उपस्थित केला आणि शाहजहानकडून चढाईची परवानगी मिळवली. वारसाहक्काचा वाद हे निमित्त होते, हे सांगायला फार मोठ्या इतिहासकाराची गरज नाही. अहमदनगरची निजामशाही बुडून वीस वर्षे झाली होती, गोवळकोंड्याला आदल्याच वर्षी तडाखा बसला होता, आणि विजापूरची गादी कोवळ्या हातात आली होती. गोवळकोंड्याची नोकरी सोडून मोगलांकडे गेलेला मीर जुमला १८ जानेवारी १६५७ रोजी औरंगाबादेस पोचला आणि त्याच दिवशी फौज निघाली. फेब्रुवारीअखेर ती बीदरच्या परिसरात आली. २ मार्चला वेढा बसला. आत किल्लेदार होता सिद्दी मर्जान, हबशी, तीसेक वर्षे हाच किल्ला सांभाळत असलेला. त्याच्यापाशी एक हजार स्वार आणि चार हजार पायदळ होते, त्यात बंदूकवाले आणि गोलंदाजही आले.

पुढचे जवळजवळ चार आठवडे जे चालले त्याला लढाईपेक्षा बांधकाम म्हणणे जास्त योग्य ठरेल. मीर जुमल्याने दोन दिवसांत मोर्चे खंदकाच्या काठाशी भिडवले आणि एक खंदक भरायला सुरुवात केली. मोर्चे पुढे नेणे म्हणजे नागमोडी चर खणत जायचे, उकरलेली माती किल्ल्याच्या बाजूला टाकून तिचीच आडोशाची भिंत करायची, आणि त्या आडून आणखी काही हात पुढे सरकायचे. वरून गोळ्या, बाण आणि जळते हुक्के, म्हणजे हाताने फेकायचे दारूचे गोळे, येत राहतात. आतले लोक मधूनमधून बाहेर पडून मोर्च्यांवर तुटून पडतात, खणणाऱ्यांना कापतात, परत जातात. बीदरच्या शिबंदीनेही असे छापे घातले. तरीही खंदकात रोज भर पडत गेली. तोफा पुढे आणून दोन बुरूज आणि तटाचा वरचा भाग ढासळवला गेला. या कामाला शिपाई पुरत नाहीत. पहारी, फावडी, टोपल्या आणि त्या वाहणारे शेकडो हात लागतात. त्या हातांची नावे कोणत्याही फारशी ग्रंथात आलेली नाहीत. बेलदार फौजेबरोबर असत हे खरे, पण एवढी माती वाहायला आसपासच्या गावांतली माणसे धरून नेली नसतील असे मानायला मी तयार नाही. युद्धाचा खरा भार कोणावर पडतो, हा वेगळ्या व्याख्यानाचा विषय आहे. इथे फक्त नोंद करून पुढे जातो.

२९ मार्चला एल्गार झाला. महंमद मुरादच्या हाताखालची निवडक तुकडी मोर्च्यातून उठून ढासळलेल्या बुरुजाकडे धावली आणि शिड्या लावल्या. मर्जान आपल्या मुलांसह आणि खाशा लोकांसह त्याच बुरुजापाशी उभा होता. बुरुजामागे दारू, बाण आणि हुक्के यांचा साठा होता. मोगलांच्या अग्निबाणाची ठिणगी त्यावर पडली. मोठा स्फोट झाला. मर्जान आणि त्याचे दोन मुलगे जबर भाजले, बरेच लोक जागच्या जागी गेले. त्या गोंधळात मोगल आत शिरले आणि उरलेली शिबंदी आतल्या किल्ल्याकडे हटली. मरणपंथाला लागलेल्या मर्जानने आपल्या सात मुलांबरोबर किल्ल्याच्या किल्ल्या औरंगजेबाकडे पाठवल्या. शहराचे नाव बदलून जफराबाद करण्यात आले.

ही ठिणगीची कथा दोन्ही बाजूंना सोयीची होती, आणि म्हणूनच ती टिकली. जिंकणाऱ्याच्या दरबारी इतिहासकाराला तीत शाहजाद्याचे भाग्य दिसले. ईश्वराने त्याच्या बाजूने कौल दिला असे लिहिता आले. हरणाऱ्याला तीत आधार सापडला: आम्ही कमी पडलो नाही, आगीने घात केला. दोन्ही पक्षांना जी गोष्ट आवडते तिच्याकडे इतिहासाच्या विद्यार्थ्याने जरा संशयाने पाहावे. घटना खोटी असते म्हणून नव्हे, तर तिच्यावर तिच्या वजनापेक्षा जास्त ओझे लादलेले असते म्हणून. साधे प्रश्न विचारा. दारू त्याच बुरुजामागे का होती? कारण हल्ला तिथेच येणार हे मर्जानला दिसत होते. ते का दिसत होते? कारण तिथला खंदक भरला होता आणि तट फुटला होता. मर्जान स्वतः तिथे का होता? त्याच कारणासाठी. किल्लेदार, त्याचे मुलगे, उत्तम लोक आणि दारूगोळा हे सगळे एका जागी गोळा झाले ते योगायोगाने नव्हे. मीर जुमल्याच्या सत्तावीस दिवसांच्या खणण्याने त्यांना तिथे गोळा केले. जिथे इतकी दारू आणि इतकी आग एकमेकांपासून काही हातांवर आली, तिथे ठिणगी पडणे हा अपघात होता असे म्हणायला जीभ जरा अडखळते.

यावर आक्षेप येईल, आणि तो वाजवी आहे. सर जदुनाथ सरकारांसारख्या इतिहासकाराने फारशी साधने धुंडाळून जो वृत्तांत मांडला, त्यातही हल्ला यशस्वी झाला तो स्फोटानंतरच. स्फोट झाला नसता तर एल्गार परतवला गेला असता, हे नाकारण्याचा तुम्हाला काय अधिकार? मी ते नाकारत नाही. त्या दिवशीचा एल्गार कदाचित परतला असता. माझे म्हणणे इतकेच, की एक एल्गार परतणे आणि किल्ला राहणे या दोन निराळ्या गोष्टी आहेत. याला पुरावा म्हणून आपल्याच इतिहासातले दोन स्फोट समोर ठेवतो. १६६५ मध्ये मिर्झाराजे जयसिंग आणि दिलेरखान यांनी पुरंदराला वेढा घातला. एप्रिलमध्ये वज्रगड गेला. पुढे माचीच्या बुरुजावर मराठ्यांनी शत्रूसाठी ठेवलेली दारू भलत्याच वेळी पेटली आणि आपलीच सुमारे ८० माणसे गेली. प्रसंग जवळजवळ बीदरचाच. पण पुरंदर त्या स्फोटाने पडला नाही.  किल्ला अखेर जूनमध्ये तहात दिला गेला, आणि तो तह केला तो किल्ल्याबाहेर असलेल्या शिवाजी महाराजांनी, सगळ्या मुलखाचा विचार करून. दुसरा स्फोट साताऱ्याचा. डिसेंबर १६९९ पासून औरंगजेब स्वतः तिथे ठाण मांडून होता. १३ एप्रिल १७०० रोजी मोगलांनी दोन सुरुंग उडवले. पहिल्याने आतली माणसे गाडली गेली. किल्ला लढवणारे प्रयागजी प्रभू मातीखालून जिवंत निघाले. दुसऱ्या सुरुंगाने तट बाहेरच्या बाजूला कोसळला आणि हल्ल्यासाठी दबा धरून बसलेले सुमारे दोन हजार मोगल त्याखाली चेंगरले. नशीब म्हणतात ते या वेळी पूर्णपणे किल्ल्याच्या बाजूने होते. आणि किल्ला? आठवडाभरात, २१ एप्रिलला, तो मोगलांच्या स्वाधीन झाला. राजाराम महाराज मार्चच्या आरंभी सिंहगडावर वारले होते आणि बाहेरून कुमक येण्याची आशा मावळली होती. म्हणजे आतली दारू उडूनही पुरंदर टिकला, आणि हल्लेखोरांचा सुरुंग त्यांच्यावरच उलटूनही सातारा गेला. मग बीदरचा सगळा निकाल एका ठिणगीच्या माथी कसा मारायचा?

मग बीदर कशाने गेले? किल्ला हाती आल्यावर काय सापडले ते पाहा: रोख १२ लाख रुपये, ८ लाखांचा दारूगोळा, धान्य आणि इतर सामान, आणि २३० तोफा. माझ्या मते या सगळ्या प्रकरणातला सर्वांत बोलका पुरावा हाच आहे. बीदर उपासमारीने पडले नाही. दारू संपली म्हणून पडले नाही. कोठारे भरलेली, तोफा बुरुजांवर, खंदक कातळाचा, आणि तरी चार आठवड्यांत शेवट. जी गोष्ट किल्ल्याजवळ नव्हती ती म्हणजे बाहेर मोकळ्या मैदानात फिरणारी आपल्या बाजूची फौज. वेढा घालणारा माणूस खंदकाकडे तोंड करून बसतो, त्याची पाठ उघडी असते. त्या पाठीवर कोणी वार करणारा असेल तर त्याला निम्मे सैन्य पाठीकडे वळवावे लागते, धान्याच्या प्रत्येक तांड्याबरोबर हजारो स्वार द्यावे लागतात, खणणाऱ्यांना राखण कमी पडते आणि खंदक भरायचे काम रखडते. बीदरच्या वेढ्यात मार्चभर हे घडले नाही. मीर जुमल्याला शांतपणे माती टाकायला सबंध महिना मिळाला. आदिलशाही फौज गोळा झाली, पण केव्हा? खान महंमद, अफजलखान, आणि रणदुल्ला व रैहान यांचे पुत्र असे नामांकित सरदार सुमारे वीस हजार स्वारांनिशी मोगल सरदार महाबतखानाशी भिडले ते १२ एप्रिलला. बीदर पडून तोवर दोन आठवडे उलटले होते.

उशीर का झाला? तट कितीही जाड असला तरी दरबारात फट पडली तर तिला लिंपायला चुना मिळत नाही. विजापुरात नवा, कोवळा सुलतान. जुन्या सरदारांची आपापसात चुरस. औरंगजेबाकडून फितुरीची आमिषे चढाईच्या आधीपासूनच सुटलेली. कोण कोणाच्या बाजूने आहे याचा भरवसा नाही, तेव्हा कूच कोणी आणि कोणाच्या हुकुमाने करायचे? त्याच वर्षाअखेर वजीर खान महंमदाचा मोगलांशी संधान बांधल्याच्या आरोपावरून खून झाला. आरोप खरा की खोटा हा वेगळा वाद, पण ज्या राज्यात सेनापतीवर असा संशय धरला जातो तिथली फौज वेळेवर मैदानात येत नाही. अशा दिरंगाईची किंमत मर्जानने चुकवली. तीस वर्षे सांभाळलेला किल्ला त्याने हयगयीने घालवला, असे म्हणायला काडीचाही आधार नाही.

आता कल्याणीकडे वळू, कारण माझ्या म्हणण्याची खरी परीक्षा तिथे आहे. हाच सरदार, ह्याच तोफा, हीच फौज, आणि विजयाने चढलेला हुरूप. किल्ला लहान. जांभ्यातले तिहेरी खंदक इथे नाहीत; इथला दगड काळा, जमीन काळी. औरंगजेब ३ मे रोजी कल्याणीपुढे आला. सरळ रेषेत बीदरपासून अंतर साधारण ६० किलोमीटर. ८ मेपर्यंत मोर्चे खंदकाच्या काठाशी पोचले, म्हणजे कामाचा वेग बीदरसारखाच होता. किल्लेदार दिलावर, हाही हबशीच. इथपर्यंतचे पाहिले तर कोणीही म्हणाला असता की महिनाअखेर कल्याणी जाणार. पण या वेळी बाहेर फौज होती. बीदरहून येणारे धान्य आणि सामान कल्याणीच्या छावणीत पोचवणे हेच एक स्वतंत्र युद्ध होऊन बसले. महाबतखानाला रसदीसाठी वारंवार बाहेर पडावे लागे, आणि कल्याणीपासून काही कोसांवर आदिलशाही स्वारांनी त्याला असे घेरले की त्याच्याबरोबरच्या राजपुतांना मोठी झीज सोसून वाट काढावी लागली. कल्याणीपासून चार-पाच मैलांवर तीस हजारांची फौज येऊन उभी राहिली, तेव्हा २८ मे रोजी खुद्द औरंगजेबाला वेढ्याकडे पाठ करून तिच्यावर चालून जावे लागले. कित्येक तास लढाई चालली. आदिलशाही फौज हटली, पण संपली नाही. जुलैत ती पुन्हा जमली आणि २२ जुलैला तिला हुसकायला आणखी एक मोठी स्वारी काढावी लागली.

ही बाहेरची ओढाताण किल्ल्याच्या आत कशी पोचली ते एका खंदकाच्या गोष्टीतून दिसते. खंदक लवकर भरावा म्हणून मोगलांनी त्यात काटेरी झुडपे आणि गवत टाकले. वेळ आणि हात कमी असले की माणूस अशीच हलकी, पटकन जमणारी भर घालतो. तो बराचसा भरत आला तेव्हा वरून दिलावरच्या लोकांनी जळते नाफ्ता, दारू आणि पेटते गवत फेकले आणि सगळी भर जळून गेली. मग तेच काम दगडमातीने पुन्हा पहिल्यापासून. त्यात पाऊस सुरू झालेला. आपल्या काळ्या मातीत आषाढात मोर्चा खणणे म्हणजे काय हे या सभागृहात कोणाला समजावून सांगायला नको. २९ जुलैला मोगल अखेर खंदक ओलांडून बुरुजावर चढले. १ ऑगस्टला दिलावरने किल्ल्या दिल्या, आणि कुटुंब व चीजवस्तूंसह विजापूरला जाण्याची मोकळीक मिळवली. मर्जानला अशा वाटाघाटीला वेळच मिळाला नव्हता.

आता सगळ्यांत जड आक्षेप. बाहेर फौज असूनही कल्याणी पडलीच ना? मग बाहेरच्या फौजेने काय साधले? मला वाटते, या प्रश्नात किल्ल्याकडून नको ती अपेक्षा दडलेली आहे. किल्ला कायमचा राहावा असे आपल्याला वाटते. बांधणाऱ्यांना ते कधीच वाटले नसावे. ते इतके भाबडे नव्हते. पाण्याचा हौद जसा पाऊस पाडत नाही, पडलेला पाऊस धरून ठेवतो, तसा तट लढाई जिंकत नाही, वेळ धरून ठेवतो. त्या वेळेचे काय करायचे ते बाहेरच्यांनी करायचे असते. कल्याणीने जे तीन महिने धरले त्यात बाहेर बरेच काही घडले. दारा शुकोहला दख्खनमधल्या भावाचा वाढता बोलबाला नको होता. विजापूरच्या वकिलांनी दरबारात आपले गाऱ्हाणे पोचवले. आणि शाहजहानकडून तह करून लढाई थांबवण्याचा हुकूम आला. बीदर, कल्याणी, परांडा आणि मोठी खंडणी देण्याचे विजापूरने कबूल केले. विजापूर शहराला वेढा पडलाच नाही. ६ सप्टेंबरला शाहजहान आजारी पडला, भावांची नजर गादीकडे लागली, आणि ४ ऑक्टोबरला औरंगजेब कल्याणीहून परत फिरला. परांडा कागदावर लिहून दिला खरा, पण त्या वेळी तो मोगलांना मिळाला नाही. कल्याणी मेअखेर पडली असती तर जून-जुलैमध्ये ही फौज कुठे असती, याचा विचार करा. मी जर-तरच्या इतिहासाचा फार भोक्ता नाही, पण इथे नुसते कॅलेंडर पाहिले तरी पुरते.

त्याच कॅलेंडरवर आणखी एक तारीख आहे आणि ती मराठी माणसाने विसरू नये. औरंगजेब बीदरला असताना शिवाजी महाराजांचा वकील सोनोपंत त्याच्या छावणीत बोलणी करत होता, आणि एप्रिलच्या तिसऱ्या-चौथ्या आठवड्यात औरंगजेबाने महाराजांना गोड पत्रही लिहिले. ३० एप्रिलला, मोगल फौज कल्याणीच्या वाटेवर असताना, महाराजांनी जुन्नर मारले. तीन लाख होन आणि दोनशे घोडे घेऊन ते निघून गेले. त्याच सुमारास त्यांचे सरदार भीमा ओलांडून अहमदनगरच्या अंगणापर्यंत लूट करून आले. हे विजापूरला वाचवण्यासाठी केले, असे मी म्हणणार नाही. महाराज आपले राज्य उभारत होते. परंतु वेढ्यात अडकलेल्या फौजेची पाठ उघडी असते हे त्यांनी त्या उन्हाळ्यात बरोबर हेरले. औरंगजेबाला अहमदनगरच्या रक्षणासाठी सरदार आणि फौज वळवावी लागली. ऑक्टोबरात मोगल उत्तरेकडे वळताच कोकणातले कल्याण आणि भिवंडी स्वराज्यात आले.

कोणी म्हणेल, कल्याणीला उशीर झाला तो पावसाने. पावसाचा हात होताच. पण मोर्चे खंदकाला भिडले ८ मेला आणि आपल्याकडे मृग लागतो जूनमध्ये. मधला सबंध महिना कोरडा गेला, आणि बीदर तर त्याहून कमी वेळात पडले होते. दुसरा एक आक्षेप लष्करी अभ्यासकांचा: सतराव्या शतकात तोफांपुढे किल्ल्यांचे दिवस भरलेच होते, बाहेरची फौज वगैरे गौण. तोफांचे माहात्म्य मला मान्य आहे. फ्रान्सचा दुर्गतज्ज्ञ व्होबाँ याच काळातला. चांगला किल्ला नियमाने वेढला तर साधारण ४८ दिवसांत पडतो, असे वेळापत्रकच त्याने मांडले होते. परंतु ते वेळापत्रक बाहेरून कोणी येऊन पाठीवर बसणार नाही हे गृहीत धरून आहे. १६८३ मध्ये तुर्कांनी व्हिएन्ना वेढली, सुरुंगांनी तट फोडले, शहर पडायच्या बेतात आले, आणि १२ सप्टेंबरला पोलंडचा राजा सोबिएस्की बाहेरून येऊन ठेपला. तुर्कांचे खणकाम त्या दिवशी फुकट गेले. तोफ आणि फावडे तट पाडू शकतात. त्यासाठी लागणारे निवांत दिवस मात्र त्यांना कोणीतरी मिळवून द्यावे लागतात.

मराठ्यांनी हे पुढे जिंजीला दाखवले. झुल्फिकारखान १६९० पासून तिथे होता आणि किल्ला हाती आला १६९८ मध्ये. जिंजीचे डोंगर अवघड आहेत, पण आठ वर्षांइतके अवघड नाहीत. त्या वर्षांतली बरीच वर्षे वेढा घालणाराच वेढ्यात सापडल्यासारखा होता, कारण संताजी आणि धनाजी रस्त्यांवर होते, धान्य पोचत नव्हते, आणि एकदा तर खानाला मोर्चे उठवून मागे हटण्याचा करार करावा लागला. जिंजीची कथा शौर्याची म्हणून सांगितली जाते ते ठीकच, पण ती रसदीच्या रस्त्यांची कथा म्हणून सांगितली तर जास्त कळते.

उलट बाजूही सांगायला हवी, नाहीतर हे सगळे फारच नीटनेटके वाटेल. बाहेरची फौज येते ती नेहमी किल्ल्यासाठी येते असे नाही. इथून दक्षिणेला, सुरपूरजवळ, बेरडांचे वागिनगेरे आहे. औरंगजेबाचा तो अखेरचा वेढा. वयाची पंच्याऐंशी ओलांडलेला बादशहा फेब्रुवारी १७०५ मध्ये स्वतः तिथे गेला. बेरडांचा नायक पिड्या आत होता. बीदरसारखे खंदक नाहीत, बहमनींची राजधानी नाही. मातीची गढी, टेकड्या आणि नेमबाज बेरड. मार्चअखेर धनाजी जाधव आणि हिंदुराव घोरपडे फौज घेऊन आले, कारण मराठ्यांची काही कुटुंबे त्या गढीत आश्रयाला होती. एकीकडे मोगलांना झुंजवत ठेवून त्यांनी दुसऱ्या बाजूने ती कुटुंबे बाहेर काढली. पिड्यानेही त्यांना लढाईच्या खर्चासाठी पैसे दिले, म्हणून ते काही दिवस रेंगाळले. पण त्यांचे मुख्य काम झाले होते. तेवढ्या अवधीत पिड्याने कधी तहाची भाषा केली, कधी हल्ले परतवले, आणि २७ एप्रिलच्या रात्री बेरड मराठ्यांसह मागच्या बाजूने निघून गेले. मोगल आत शिरले तेव्हा त्यांना जळती घरे आणि चालता न येणारी थोडी माणसे सापडली. पिड्याने काही दिवसांत दुसरीकडे नवी गढी बांधायला घेतली, आणि आजारी बादशहा देवापूरला मुक्काम हलवून सहा महिने तिथेच पडून राहिला.